संघ विकत घ्यावा की मैदान? इनडोअर सॉकरपटूंच्या दुसऱ्या डावाविषयी

अमेरिकेतील सेंट लुई शहरात १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला, कडाक्याच्या थंडीच्या रात्री, आइस हॉकीच्या सभागृहात बर्फाऐवजी हिरवा कृत्रिम गालिचा अंथरला जाई आणि त्यावर फुटबॉल खेळला जाई. स्टीमर्स हा शहराचा इनडोअर सॉकर संघ. एका हंगामात त्याच्या सामन्यांना सरासरी १७ हजारांच्या घरात प्रेक्षक आले आणि काही हंगामांत तर त्याने त्याच सभागृहात खेळणाऱ्या ब्लूज या हॉकी संघालाही गर्दीत मागे टाकले. १९८८ मध्ये हा संघ बंद पडला. ज्या खेळाडूंच्या सह्या घेण्यासाठी मुले रांगा लावत होती, त्यांच्यापुढे तिशीच्या आसपास प्रश्न उभा राहिला, की आता करायचे काय?

हा प्रश्न मला केवळ त्या खेळाडूंचा खासगी प्रश्न वाटत नाही. जी लीग खेळाडूच्या आयुष्याची सर्वांत कसदार दहा वर्षे घेते, तिची त्याच्या पुढच्या तीस वर्षांबाबत काही जबाबदारी आहे की नाही, आणि खेळाडूने व्यवसायात उतरायचे ठरवले तर समाजाने त्याला कोणत्या प्रकारचा हात द्यावा, हा सार्वजनिक प्रश्न आहे. अमेरिकेतील इनडोअर सॉकरचा इतिहास या प्रश्नाची दोन उत्तरे शेजारी-शेजारी ठेवून दाखवतो आणि त्यांतले एक उत्तर आपल्याकडे आजही ऐकले जात नाही, म्हणून हा लेख.

खेळाचे स्वरूप आधी सांगायला हवे, कारण पुढचे सारे त्यातूनच निघते. अर्ल फोरमन आणि एड टेपर यांनी १९७७ मध्ये मेजर इनडोअर सॉकर लीगची स्थापना केली. पहिला सामना २२ डिसेंबर १९७८ रोजी न्यूयॉर्कजवळच्या नासाऊ कोलिझियममध्ये न्यूयॉर्क ॲरोज आणि सिनसिनाटी किड्स यांच्यात झाला. गोलरक्षकासह सहा खेळाडू, भोवती हॉकीसारख्या फळ्यांच्या भिंती, त्यामुळे चेंडू बाहेर जाणे जवळजवळ नाहीच. पंधरा मिनिटांचे चार डाव आणि खेळ चालू असतानाच धावत होणारी खेळाडूंची अदलाबदल. दोन-अडीच मिनिटे जीव तोडून धावायचे, भिंतीवरून उडी मारून बाकावर येऊन बसायचे, श्वास जागेवर येतो न येतो तोच पुन्हा आत. भिंतीवर आपटून परत येणारा चेंडू हा या खेळात जणू सातवा सहकारी असतो आणि तो कोणत्या कोनातून परतेल हे ज्याला आधी कळते तोच इथे मोठा होतो. युगोस्लाव्हियातील हायदुक स्प्लिट सोडून आलेला स्टीव्ह झुंगुल असाच मोठा झाला. क्लबच्या तक्रारीवरून त्याच्यावर बंदी आल्याने मोकळ्या मैदानावरचे अधिकृत फुटबॉल त्याला खेळता येईना, पण ही इनडोअर लीग फिफाच्या, म्हणजे जागतिक फुटबॉल संघटनेच्या, कक्षेबाहेर होती, म्हणून तिथे तो खेळू शकला, शेकड्यांनी गोल करत राहिला आणि ॲरोजने पहिली चारही विजेतेपदे मिळवली.

मात्र या खेळाचे कौशल्य जितके विशेष, तितकेच ते दुसरीकडे निरुपयोगी. मोठ्या मैदानावरच्या संघाला भिंतीवरून पास देणारा खेळाडू नको असतो. सिमेंटवर किंवा बर्फावर अंथरलेल्या गालिच्यावर धावून गुडघ्यांची झीज झालेली असते, ती वेगळीच. त्यात लीगचा पाया भुसभुशीत. १९८७-८८च्या हंगामात अकरा संघ होते. तो संपताच सेंट लुई स्टीमर्स, क्लीव्हलँड फोर्स, शिकागो स्टिंग आणि मिनेसोटा स्ट्रायकर्स असे चार संघ एकाच उन्हाळ्यात बंद झाले. १९९२च्या जुलैमध्ये लीगच मिटली. डलासच्या टाटूसारखे किंवा क्लीव्हलँडच्या हेक्टर मारिनारोसारखे काही जण दुसऱ्या, लहान लीगमध्ये गेले आणि तिथेही गाजले. मारिनारो पुढे ओहायोतील जॉन कॅरोल विद्यापीठात प्रशिक्षक झाला. पण अकरा संघांतल्या प्रत्येक बाकावरच्या प्रत्येकाला अशी जागा मिळणे शक्यच नव्हते.

आता त्या दोन उत्तरांकडे येतो. पहिले उत्तर शेप मेसिंग याचे. हा गोलरक्षक हार्वर्डचा पदवीधर, १९७२च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये अमेरिकेच्या चमूत असलेला, १९७७ मध्ये पेलेसोबत न्यूयॉर्क कॉसमॉसकडून विजेतेपद मिळवलेला आणि नंतर ॲरोजच्या यशाचा आधारस्तंभ. शिक्षण, नाव, वक्तृत्व आणि खेळाची आतून माहिती, व्यवसायासाठी लागणारे सारे त्याच्याकडे होते. ॲरोज बुडाल्यानंतर १९८६ मध्ये न्यूयॉर्क एक्स्प्रेस हा नवा संघ उभा राहिला, तेव्हा त्याच्या उभारणीत मेसिंग पुढे होता. संघासाठी भागविक्री करून लोकांकडून भांडवल गोळा केले गेले. पहिल्याच हंगामात संघाने तीन सामने जिंकले, तेवीस गमावले आणि १९८७च्या फेब्रुवारीत, हंगाम अर्ध्यावर असतानाच, तो गुंडाळला गेला. मेसिंग पुढे दूरचित्रवाणीवर समालोचक म्हणून स्थिरावला, हा त्याच्या बोलण्याच्या गुणाचा विजय आहे; संघमालकीच्या कल्पनेचा नव्हे.

दुसरे उत्तर टोनी ग्लाव्हिन याचे. स्कॉटलंडहून आलेला हा खेळाडू सेंट लुई स्टीमर्सकडून खेळला. मेसिंगच्या मानाने त्याचे नाव लहान. न्यूयॉर्कच्या रस्त्यावर त्याला कोणी ओळखले नसते. त्याने सेंट लुईच्या पश्चिमेला, मिसूरीतील कॉटलव्हिल या उपनगरात, फुटबॉलची मैदाने उभी केली, मुलांचा क्लब काढला आणि पुढे त्याच मैदानांवर सेंट लुई लायन्स हा तरुण खेळाडूंचा संघ चालवला. लायन्सची सुरुवात २००६ मधली, म्हणजे स्टीमर्स बंद पडल्यानंतर अठरा वर्षांनी. लीग आली आणि गेली, तिची नावे बदलली, पण मुले त्या मैदानावर येत राहिली.

या दोघांतला फरक हुशारीचा नाही, धाडसाचाही नाही. तो त्यांनी विकत घेतलेल्या वस्तूचा आहे. संघ चालवणे म्हणजे आधी खर्च करणे आणि मग प्रेक्षकांची वाट पाहणे. सभागृहाचे भाडे, खेळाडूंचे पगार, विमानप्रवास, विमा हे सारे ठरलेले असते; रात्री तीन हजार लोक आले काय किंवा तेरा हजार आले काय, ते द्यावेच लागते. संघ हरू लागला की गर्दी आटते आणि गर्दी आटली की चांगला खेळाडू टिकत नाही. याउलट मैदान तासावर विकले जाते. सकाळी मुलांचे वर्ग, दुपारी शाळा, संध्याकाळी क्लब, रात्री नोकरदारांच्या टोळ्या. एखादा तास रिकामा गेला तर तेवढ्याच तासाचे नुकसान होते, आणि कोण जिंकले, कोण हरले याचा गल्ल्याशी काही संबंध नसतो. संघमालकीत खेळाडूची कीर्ती गुंतवली जाते आणि मैदानाच्या धंद्यात त्याचे ज्ञान. कीर्ती निवृत्तीच्या दिवसापासून झिजू लागते. दहा वर्षांच्या मुलाला पाय कसा टेकवायचा हे शिकवण्याचे ज्ञान मात्र वापराने वाढते.

आणखी एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते आणि तिच्याकडे सहसा कोणी पाहत नाही. इनडोअर खेळाडूची कीर्ती स्थानिक असते. टाटू डलासमध्ये प्रत्येक गोलनंतर अंगातली जर्सी काढून प्रेक्षकांत भिरकावत असे. तो अंगरखा ज्याच्या हाती पडला त्याने तो घरी जपून ठेवला असणार, पण हजार मैलांवरच्या शहरात टाटू कोण हे कोणाला ठाऊक नव्हते. आपण याला त्या खेळाडूचे दुर्दैव समजतो. मला तर हीच त्याची पुंजी वाटते. राष्ट्रीय कीर्तीला बाजार लागतो, जाहिरातदार लागतात, दलाल लागतात. पंचवीस-तीस मैलांच्या परिसरातल्या कीर्तीला मात्र तेवढ्याच परिसरातला व्यवसाय पुरतो, कारण मुलाला शिकायला घालणारा बाप स्वतः कधीकाळी त्या खेळाडूला पाहायला गेलेला असतो. खेळाडूच्या नावाचा पल्ला आणि त्याच्या धंद्याचा पल्ला जुळला, की धंदा टिकण्याची शक्यता वाढते. एक्स्प्रेसच्या बाबतीत हे दोन्ही पल्ले जुळले नाहीत.

कोल्हापूरच्या वाचकाला हे सांगावे लागणार नाही. छत्रपती शाहू स्टेडियमवर पाटाकडील तालीम आणि दिलबहार तालीम हे फुटबॉल संघ समोरासमोर आले की पेठापेठांतून हजारोंनी लोक येतात. तिथला चांगला आघाडीपटू रंकाळ्यापासून कसबा बावड्यापर्यंत पोरासोरांना ओळखीचा असतो, आणि पुण्यात उतरला की त्याला कोणी विचारत नाही. सेंट लुई आणि कोल्हापूर यांत बाकी काही साम्य नसेल, पण एका शहराने आपल्या खेळाडूवर इतकी माया करावी आणि ती माया शहराच्या वेशीपाशी थांबावी, हे साम्य खरे आहे. अनिकेत जाधव २०१७च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला, तसा एखादा पुढे जातो. बाकीचे तिशीत येतात, गुडघ्याला पट्टा बांधून आणखी दोन हंगाम काढतात आणि मग मिळेल त्या कामाला लागतात.

आपल्याकडे या प्रश्नाचे ठरलेले उत्तर आहे नोकरी. रेल्वे, पोलीस, बँका, तेल कंपन्या यांनी खेळाडूंच्या कित्येक पिढ्या पोसल्या, आणि महाराष्ट्रात शासकीय नोकऱ्यांत गुणवंत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे. या व्यवस्थेने घराघरांत चूल पेटती ठेवली आहे, तिला नावे ठेवण्याचा माझा हेतू नाही. तिची मर्यादा मात्र सांगितली पाहिजे. ती प्रमाणपत्रावर चालते. ठरावीक स्पर्धांतले पदक किंवा प्रतिनिधित्व हाच तिचा निकष असतो. व्यावसायिक करारावर क्लबसाठी सात-आठ हंगाम खेळलेल्या, पण देशाचा किंवा राज्याचा सदरा न चढवलेल्या खेळाडूची किंमत तिच्या तराजूत भरत नाही. नोकरी मिळालीच, तर तो टेबलामागे बसतो आणि त्याच्या पायांतले व डोक्यातले ज्ञान तिथेच विरून जाते.

आणि क्लबांचे काय? महिंद्र युनायटेडने २००५-०६ मध्ये राष्ट्रीय लीग जिंकली आणि २०१० मध्ये तो क्लब बंद झाला. पहिली राष्ट्रीय लीग जिंकणाऱ्या जेसीटीने पुढच्याच वर्षी दार लावले. गोव्यात २०१६ मध्ये धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग क्लब द गोवा यांनी आय-लीगमधून, म्हणजे त्याच राष्ट्रीय लीगच्या पुढच्या अवतारातून, अंग काढून घेतले. यांतला धेंपो तर पाच वेळा देशाचा विजेता. त्याच वर्षी गाजावाजा करून निघालेली प्रीमिअर फुटसाल ही पाच-पाच खेळाडूंची लीग दोन हंगामांत संपली. २०२५च्या जुलैत इंडियन सुपर लीगचा पुढचा हंगाम थांबवून ठेवल्याचे जाहीर झाले, तेव्हा देशातल्या सर्वांत महागड्या लीगमधल्या खेळाडूंनाही आपला पगार पुढच्या महिन्यात येईल की नाही हे ठाऊक नव्हते. सेंट लुईतल्या खेळाडूंनी १९८८च्या उन्हाळ्यात जे अनुभवले त्याहून हे वेगळे नाही.

भारतातही ती दोन उत्तरे एकाच माणसाच्या आयुष्यात पाहायला मिळतात. बायचुंग भुतियाने युनायटेड सिक्कीम हा संघ उभा केला. तो २०१२-१३ मध्ये आय-लीगमध्ये खेळला आणि एकाच हंगामात खाली गेला. त्याच भुतियाने २०१० मध्ये दिल्लीत मुलांसाठी फुटबॉल शाळा सुरू केल्या. त्या देशातल्या अनेक शहरांत पसरल्या आणि आजही चालू आहेत. माणूस तोच, नाव तेच, काळही जवळपास तोच. संघ टिकला नाही, शाळा टिकल्या.

म्हणून माझे म्हणणे असे, की खेळाडूचा व्यवसायप्रवेश ही निवृत्तीनंतरची बाब समजणे हीच मूळ चूक आहे. त्याची तयारी करार चालू असतानाच आणि कराराचाच भाग म्हणून झाली पाहिजे. प्रत्येक व्यावसायिक करारातला काही हिस्सा खेळाडूच्या नावे वेगळा ठेवावा, जो क्लब बुडाला तरी बुडणार नाही आणि जो प्रशिक्षणासाठी किंवा व्यवसायाच्या भांडवलासाठीच काढता येईल. हंगामाबाहेरच्या महिन्यांत प्रशिक्षकाचा परवाना, हिशेब, जीएसटी, भाडेकरार वाचणे, विमा या गोष्टी शिकवण्याची सोय क्लबने करावी. भारतात २००६ पासून खेळाडूंची संघटना आहे. तिने पगाराच्या थकबाकीइतकाच हाही मुद्दा लावून धरावा. आजच्या अमेरिकन इनडोअर लीगमध्ये अनेक खेळाडू दिवसा दुसरे काम करून संध्याकाळी सरावाला येतात. ती परिस्थिती ओढगस्तीतून आली आहे, हे मला मान्य आहे. तरीही शेवटच्या सामन्यानंतर ज्याच्या हाती आधीपासून चालू असलेले काम असते, त्याचे पाय जमिनीवर असतात.

यावर दोन आक्षेप येतात आणि दोन्ही विचारात घेण्यासारखे आहेत. पहिला प्रशिक्षकांचा: खेळाडूचे मन दोन ठिकाणी विभागले तर तो दोन्हीकडे अर्धा राहतो. उमेदीच्या पहिल्या दोन-तीन वर्षांपुरते हे मी मान्य करीन. पण इनडोअरचा हंगाम हिवाळ्यापुरता, कोल्हापूरचाही वर्षातल्या काही महिन्यांपुरता. उरलेल्या वेळात मन कुठे असते याची चौकशी कोणी करत नाही. रिकामे महिने खेळाडूला जितके पोखरतात तितके एखादा अभ्यासक्रम पोखरत नाही. दुसरा आक्षेप अधिक जड आहे. ग्लाव्हिन टिकला म्हणून आपण त्याचे उदाहरण देतो. ज्यांनी मैदान काढले आणि कर्जात बुडाले त्यांची नावे आपल्यापर्यंत पोचतच नाहीत. हे खरे आहे. मैदान घेतले म्हणजे यश हमखास, असा माझा दावा नाही. बुडण्याचे प्रमाण आणि बुडण्याची खोली कोणत्या धंद्यात कमी, एवढाच माझा प्रश्न आहे. संघ बुडतो तेव्हा खेळाडूंचे पगार, भागधारकांचे पैसे आणि शहराचा विश्वास यांना बरोबर घेऊन बुडतो. एका टर्फचा धंदा बसला तर एका माणसाचे नुकसान होते आणि गालिचा, जाळी, दिवे विकून त्यातले काही परत उभे करता येते.

इथेच सरकार आणि महापालिका यांचा संबंध येतो, आणि माझा आग्रह सर्वांत जास्त इथे आहे. सार्वजनिक जागेवरचे टर्फ किंवा क्रीडासंकुल चालवायला देताना सर्वाधिक भाडे देणाऱ्याला ते द्यायचे, ही पद्धत वरवर न्याय्य दिसते. पण अशा बोलीत ज्याच्याकडे रोख आहे तो जिंकतो, मग त्याने चेंडूला कधी पाय लावलेला असो वा नसो. निविदेत बोलीइतकेच वजन खेळाच्या अनुभवाला आणि प्रशिक्षणाच्या परवान्याला का असू नये? पाच टक्के नोकऱ्या राखून ठेवता येतात, तर शहरातल्या मैदानांचे काही टक्के दीर्घ मुदतीचे भाडेपट्टेही राखून ठेवता येतील. नोकरी एका खेळाडूचे घर चालवते. चांगला चाललेला पट्टा त्याच्यासह दोन प्रशिक्षक, एक माळी आणि दीडशे मुले सांभाळतो, आणि त्याने जे शिकले ते शहरातच राहते.

माझ्या ओळखीचा एक माजी गोलरक्षक कोल्हापूरच्या बाहेर एका खासगी जागेवर टर्फ चालवतो. त्याच्या टेबलावर लांबट हिशेबाची वही असते. पानावर तासांचे रकाने, सकाळी सहा ते आठ मुलांच्या नावांनी भरलेले, रात्री नऊ ते बारा मित्रमंडळांनी. वहीच्या कडेला गालिच्यातले रबराचे काळे कण चिकटलेले असतात, ते तो बोलता बोलता नखाने काढत राहतो. मुलांना तो गोलात उभे राहायला शिकवताना चेंडूकडे बघू नको, मारणाऱ्याच्या टेकलेल्या पायाकडे बघ, असे सांगतो, आणि हे वाक्य त्याला कोणी शिकवलेले नाही, पंधरा वर्षे गोलात उभे राहून त्याने मिळवलेले आहे. जूनपासून पावसाने मैदान बंद पडते आणि वहीतले तीन-साडेतीन महिन्यांचे रकाने कोरे राहतात. वर पत्र्याचे छत घातले तर पावसाळाही चालेल. अमेरिकेत हिवाळ्याने इनडोअर सॉकरला जागा करून दिली, तशी ती आपल्याकडे पावसाळा देऊ शकतो. छताचा अंदाजखर्च त्याने काढून आणला आहे. बँकेत तो दोनदा जाऊन आला. दोन्ही वेळा त्याला जागेचा करार मागितला गेला, आणि त्याचा करार अकरा महिन्यांचा आहे.